स्टेनेलुरिलस

स्टेनेलुरिलस ही उड्या मारणाऱ्या कोळ्यांच्या कुळातील (साल्टिसिडी) जमिनीवर राहणाऱ्या लहान कोळ्यांची एक प्रजाती आहे. तिचा प्रसार आफ्रिका आणि आशिया या दोन खंडांत असून तीत पन्नासहून अधिक जातींचा समावेश होतो. या प्रजातीतील काही जाती प्रामुख्याने वाळवीवर जगतात. कोळ्यांमध्ये हा आहार दुर्मीळ मानला जातो. भारतात या प्रजातीच्या अनेक जाती आढळतात. त्यांपैकी तीन जातींचे वर्णन २०२२ साली दख्खनच्या पठारावरील कोळ्यांविषयीच्या एका शोधनिबंधात प्रथम प्रसिद्ध झाले.

प्रस्तुत लेखात ‘प्रजाती’ हा शब्द परस्परांशी जवळचे नाते असलेल्या अनेक जातींच्या गटासाठी, तर ‘जाती’ हा शब्द त्या गटातील एकेका प्रकारच्या प्राण्यासाठी वापरला आहे. वृत्तपत्रीय मराठीत हे दोन्ही शब्द एकमेकांच्या जागी सर्रास येतात. त्यामुळे ‘नवी प्रजाती सापडली’ असे वाचले की बहुधा नवी जाती सापडलेली असते, हे लक्षात ठेवलेले बरे.

नाव आणि वर्गीकरण

प्रजातीची स्थापना फ्रेंच कोळीशास्त्रज्ञ यूजेन सिमाँ (१८४८–१९२४) यांनी १८८६ साली केली. सिमाँ यांनी जगभरातील हजारो कोळ्यांना नावे दिली. कोळ्यांच्या अभ्यासाचे कोणतेही पान उलटले तरी त्यांचे नाव भेटतेच. ‘एलुरिलस’ ही जवळची प्रजाती आधीपासून ज्ञात होती आणि तिच्या नावाचे मूळ मांजर या अर्थाच्या ग्रीक शब्दात आहे. त्याला ‘अरुंद’ या अर्थाचा ग्रीक शब्द जोडून नवे नाव तयार झाले. दबा धरून, पोट जमिनीला टेकवून सरकणारा आणि मग अचानक झेपावणारा हा कोळी पाहिला की मांजराची आठवण येणे स्वाभाविक आहे. प्रजातीची आदर्श जाती स्टेनेलुरिलस नायग्रिकॉडस ही असून ती आफ्रिकेतील आहे.

वर्गीकरणाच्या दृष्टीने एलुरिलस, फ्लेग्रा आणि लँगोना या प्रजाती तिच्या निकटच्या होत. या साऱ्या गटाचा कल झाडांपेक्षा जमिनीकडे आहे. उघडी, दगडगोट्यांची, तुरळक गवताची जमीन हे त्यांचे घर. रशियन वंशाचे कोळीशास्त्रज्ञ दिमित्री लोगुनोव आणि गालिना अझारकिना यांनी २०१८ साली या प्रजातीची नव्याने व्याख्या करून तिच्यातील अनेक जातींचे पुनरावलोकन केले. तोवर वेगवेगळ्या नावांखाली विखुरलेल्या जाती एका छत्राखाली आणण्याचे काम अलीकडच्या काळात अशाच पुनरावलोकनांतून झाले आहे.

शरीररचना

प्रौढ कोळी साधारणतः ४ ते ८ मिलिमीटर लांबीचा असतो, म्हणजे तुरीच्या दाण्याएवढा किंवा त्याहून थोडा लहान. शरीराचे दोन भाग स्पष्ट दिसतात. पुढचा भाग म्हणजे डोके व छाती मिळून बनलेले शिरोवक्ष आणि मागचा भाग म्हणजे उदर. शिरोवक्षाच्या गडद पाठीवर डोळ्यांच्या मागून निघून शेवटापर्यंत जाणारे दोन पांढरे पट्टे ही या प्रजातीची ठळक खूण आहे. कडांनाही बहुधा पांढरी किनार असते. हे पट्टे त्वचेच्या रंगामुळे नव्हे, तर तिच्यावरील सूक्ष्म खवल्यांमुळे दिसतात. खवले झडले की पट्टाही जातो. नरांची रंगसंगती अधिक ठसठशीत असते. मादी बहुतेक जातींत तपकिरी, ठिपक्याठिपक्यांची आणि मातीत सहज मिसळून जाणारी असते. पाय मजबूत व काटेरी असून मागची जोडी विशेष लांब असते.

दृष्टी आणि शिकारीची पद्धत

उड्या मारणारे कोळी शिकारीसाठी जाळे विणत नाहीत. त्यांचे हत्यार म्हणजे त्यांची दृष्टी. आठ डोळ्यांपैकी समोरचे दोन मोठे डोळे दुर्बिणीसारखे काम करतात. त्यांचे दृष्टिक्षेत्र अरुंद असते, परंतु प्रतिमा अत्यंत स्पष्ट उमटते. डोळ्यावरचे भिंग जागचे हलत नाही. त्यामागील नळीसारखा भाग स्नायूंच्या साहाय्याने आतल्या आत फिरतो आणि समोरचे दृश्य तुकड्यातुकड्याने न्याहाळले जाते. बाजूचे डोळे हालचाल टिपतात. काही हलले की कोळी गर्रकन त्या दिशेला वळतो आणि मग मोठे डोळे रोखून ती वस्तू काय आहे ते ठरवतो. माणसाकडे मान वळवून पाहणारा कोळी अनेकांनी भिंतीवर पाहिलेला असतो. तो याच कुळातला.

उडी मारण्यासाठी लागणारा जोर केवळ स्नायूंतून येत नाही. कोळ्याच्या पायात सांधा सरळ करणारे स्नायू काही ठिकाणी नसतातच. शरीरातील द्रवाचा दाब एकाएकी वाढवून पाय ताठ केले जातात. झेप घेण्यापूर्वी कोळी रेशमाचा एक धागा जमिनीला चिकटवून ठेवतो. झेप चुकली तर तो धागा आधाराला असतो. मादी दगडाखाली किंवा पालापाचोळ्यात रेशमाची पिशवी विणून तीत अंडी घालते आणि बहुधा त्यांच्याजवळ थांबते.

वाळवी हे भक्ष्य

वाळवीला, म्हणजेच उधईला, कोळ्याच्या नजरेने पाहिले तर ती आदर्श शिकार वाटावी. शरीर मऊ, चाल संथ, आणि कामकरी वाळवीला बहुधा डोळेच नसतात. शिवाय एक सापडली की तिथेच शेकडो सापडतात. तरीही वाळवीवर जगणारे कोळी फार थोडे आहेत, याचे कारण वाळवीच्या राहणीत आहे. ती उघड्यावर येतच नाही. महाराष्ट्रात सर्वत्र आढळणारी ओडोंटोटर्मिस या प्रजातीची वाळवी काडीकचरा, शेण किंवा झाडाची साल खाण्यासाठी बाहेर पडते तेव्हा आधी मातीचा पातळ पापुद्रा चढवते आणि त्याच्या आडोशाने काम करते. कडुलिंबाच्या किंवा मोसंबीच्या बुंध्यावर चढलेला ओलसर मातीचा थर शेतकऱ्यांच्या परिचयाचा आहे. त्या थरामुळे उन्हापासून आणि कोरडेपणापासून जसे संरक्षण मिळते, तसेच शत्रूपासूनही मिळते.

त्यातून सैनिक वाळवी असतेच. ओडोंटोटर्मिसचे सैनिक विळ्यासारख्या जबड्यांनी चावतात आणि झटापटीत तोंडातून तपकिरी चिकट द्रव सोडतात. काही अन्य वाळव्यांचे सैनिक डोक्यावरच्या सोंडेसारख्या नळीतून डिंकासारखा पदार्थ फवारतात. चार-पाच मिलिमीटरच्या कोळ्याला असा एक फवाराही महागात पडू शकतो.

म्हणून वाळवी खाणाऱ्या कोळ्यासाठी शिकारीची वेळ सर्वांत महत्त्वाची ठरते. गुराच्या खुराने, वाऱ्याने किंवा नांगराच्या फाळाने मातीचा पापुद्रा फुटतो, आतले कामकरी थोडा वेळ उघडे पडतात आणि लगोलग डागडुजीला लागतात. पहिल्या पावसानंतर पंखवाली वाळवी बाहेर पडते त्या वेळी तर कामकरीच वारुळाची भोके आतून उघडतात आणि सैनिक तोंडाशी येऊन उभे राहतात. अशा मोजक्या क्षणांत चांगली नजर असलेल्या शिकाऱ्याला फायदा मिळतो. तो दूरवरून कामकरी आणि सैनिक यांतला फरक ओळखू शकतो, एकाला उचलून मागे हटू शकतो. मात्र उड्या मारणारे कोळी दिवसा, उजेडात शिकार करतात आणि उन्हाच्या वेळी वाळवी खाली असते. दोघांची गाठ पडण्याचा काळ त्यामुळे आणखीच आखूड होतो.

या आहाराची पहिली ठोस नोंद भारतातून नव्हे, झिंबाब्वेतून झाली. पोलंडच्या कोळीशास्त्रज्ञ वांडा वेसोवोव्स्का आणि झिंबाब्वेतील निरीक्षक मेग कमिंग यांनी १९९९ साली वाळवी खाणाऱ्या उड्या मारणाऱ्या कोळ्याचे वर्णन प्रसिद्ध केले आणि त्याला ‘टर्मिटोफेगस’, म्हणजे ‘वाळवीभक्षक’, असे जातिनाम दिले. या कुळातील वाळवीभक्षणाचे हे पहिले उदाहरण होते. २००२ साली त्याच दोघींनी तशाच आहाराची आणखी एक जाती वर्णिली. दोन्ही वेळा त्यांनी नवी प्रजाती स्थापन केली होती, पण पुढील पुनरावलोकनांत या दोन्ही जाती स्टेनेलुरिलसमध्ये समाविष्ट झाल्या. नावे बदलली तरी निरीक्षण टिकले. किंबहुना या बदलामुळेच वाळवीभक्षण ही दोन सुट्या कोळ्यांची विचित्र सवय न राहता एका मोठ्या प्रजातीतील प्रवृत्ती म्हणून पुढे आली. वाळवीभक्षणाची तपशीलवार वर्णने आजही मुख्यतः आफ्रिकेतील जातींची आहेत. ओडोंटोटर्मिस ही वाळवी मात्र आफ्रिका आणि भारत या दोन्ही भूभागांना समान आहे.

वाळवीभक्षणाचे टोकाचे उदाहरण दक्षिण आफ्रिकेतील ॲमोक्सेनस या वेगळ्या प्रजातीत सापडते. या नावाचा अर्थ ‘वाळूचा पाहुणा’ असा होतो. धोका जाणवताच हा कोळी डोके खाली करून वाळूत सूर मारतो आणि क्षणार्धात दिसेनासा होतो. तो दिवसाउजेडी उघड्यावर गवत तोडणाऱ्या होडोटर्मिस मोसांबिकस या वाळवीची शिकार करतो. २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात ॲमोक्सेनस ॲम्फॅलोडिस या जातीच्या कोळ्यांच्या पोटातील अन्नाची जनुकीय तपासणी करण्यात आली. तीत हा कोळी याच एका वाळवीवर जगतो असा निष्कर्ष निघाला. शिकारी प्राण्यांत एकाच भक्ष्यावर अशी पूर्ण भिस्त क्वचितच आढळते. स्टेनेलुरिलसच्या जाती इतक्या एककल्ली असल्याचे मानले जात नाही.

येथे एक गैरसमज दूर करणे आवश्यक आहे. ‘वाळवीभक्षक कोळी’ हे शब्द वाचून तो वाळवीचा बंदोबस्त करील अशी आशा कोणी बाळगू नये. वारुळातील राणी दररोज हजारो अंडी घालते. त्यापुढे काही कोळ्यांनी टिपलेले कामकरी नगण्य होत. वाळवीचे खरे मोठे शत्रू मुंग्या आहेत. भारतात लेप्टोजेनिस प्रोसेशनॅलिस ही रांगेने चालणारी काळी मुंगी वाळवीच्या वसाहतींवर झुंडीने हल्ले करते.

भारतातील जाती

भारतातून या प्रजातीची पहिली जाती १९३४ साली वर्णिली गेली. स्विस प्राणिशास्त्रज्ञ योहान कार्ल आणि कोनराड एशर यांनी १९२६–२७ मध्ये दक्षिण भारतात केलेल्या संग्रहमोहिमेतील कोळ्यांचा अभ्यास ऑस्ट्रियाचे एडुआर्ड रायमोझर यांनी केला. त्यांनी एका जातीला जिनिव्हाचे कोळीशास्त्रज्ञ रॉजर द लेसर यांच्या सन्मानार्थ ‘लेसर्टी’ हे नाव दिले.

त्यानंतर दीर्घ काळ या विषयात फार थोडी भर पडली. कोळ्यांचा अभ्यास भारतात झाला नाही असे नव्हे. जाळी विणणाऱ्या, शेतात पिकांवर आढळणाऱ्या कोळ्यांकडे लक्ष गेले. माळावरच्या मातीच्या रंगाच्या, क्षणात दगडाखाली नाहीशा होणाऱ्या किड्याकडे फारसे कोणी वळले नाही. चित्र पालटले ते २०१४ नंतर. जॉन कॅलेब आणि मनू थॉमस मथाई यांनी सरोजिने ही जाती २०१४ साली, तर मेटॅलिकस ही जाती २०१६ साली वर्णिली. अल्बस (२०१५), डिजिटस आणि गॅब्रिएली (दोन्ही २०१६) या जातीही त्याच सुमारास प्रकाशात आल्या. ऐंशी वर्षांत जेवढे झाले नव्हते तेवढे तीन वर्षांत झाले.

२०२२ साली किरण मराठे, राजेश सानप, अनुराधा जोगळेकर, जॉन कॅलेब आणि वेन मॅडिसन यांचा दख्खनच्या पठारावरील स्टेनेलुरिलसविषयीचा निबंध ‘झूटॅक्सा’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. त्यात श्वेतमुखी, ताम्रवर्णी आणि व्याघ्री या तीन नव्या जातींचे वर्णन आहे. प्राण्यांची शास्त्रीय नावे लॅटिन वळणाचीच असली पाहिजेत असा समज विद्यार्थ्यांमध्ये रूढ आहे. नियमांना तसे बंधन मान्य नाही. शब्द कोणत्याही भाषेतला चालतो, फक्त तो रोमन लिपीत लिहावा लागतो. पांढऱ्या तोंडाची ती श्वेतमुखी, तांब्याच्या रंगाची ती ताम्रवर्णी आणि वाघीण ती व्याघ्री, ही नावे मराठी वाचकाला कोशाशिवाय कळतात. ‘नायग्रिकॉडस’ म्हणजे काळ्या शेपटीचा, हे मात्र त्याला सांगावे लागते.

दख्खनचा माळ आणि जालना जिल्हा

या प्रजातीला मानवणारी भूमी कशी असते हे मराठवाड्यात पाहता येते. जालना जिल्हा १ मे १९८१ रोजी औरंगाबाद आणि परभणी जिल्ह्यांतील तालुक्यांतून निर्माण झाला. त्याचे क्षेत्रफळ सुमारे ७,७०० चौरस किलोमीटर आहे. संपूर्ण जिल्हा दख्खनच्या बेसाल्ट खडकावर वसलेला आहे. दक्षिणेला गोदावरी आहे, मधून दुधना वाहते आणि उत्तरेला भोकरदन व जाफराबाद तालुक्यांकडे अजिंठ्याच्या डोंगररांगांचे फाटे येतात. नद्यांच्या काठी खोल काळी माती आहे. तीत कापूस, सोयाबीन, तूर आणि भौगोलिक मानांकन मिळालेली जालन्याची मोसंबी पिकते. चढावर गेले की माती पातळ होते, मुरूम उघडा पडतो आणि कुसळी गवत, बोरी-बाभळी व विखुरलेले दगड यांचा माळ सुरू होतो.

वाळवी या दोन्ही भूभागांत आहे, पण तिच्याकडे पाहण्याची दृष्टी दोन ठिकाणी वेगळी. शेतात ती कीड असते. माळावर तीच वाळलेले गवत आणि शेण मातीत परत नेते, खालची माती वर आणते आणि पावसाचे पाणी जिरण्यास वाट करून देते. ओडोंटोटर्मिस आपल्या वारुळात बुरशीची बाग पिकवते आणि त्या बुरशीच्या मदतीने लाकडाचे अन्न करते. नागपंचमीला पूजले जाणारे वारूळ हे याच कीटकाचे बांधकाम आहे. मुंग्यांनी बांधले आणि नागाने बळकावले अशी लोकसमजूत असली, तरी ते मुंग्यांचे नव्हे. आदिकवी वाल्मीकींच्या नावातील ‘वल्मीक’ म्हणजेही वारूळच.

जून महिन्यात, मृगाच्या सुमारास पहिला पाऊस पडला की माळावरच्या कीटकांची वर्दळ एकदम वाढते. त्यापूर्वीचे दोन-तीन महिने जमीन इतकी तापते की दिवसा दगडाच्या सावलीबाहेर लहान प्राणी दिसतच नाहीत. जमिनीवरचे कोळी शोधणाऱ्याने पावसाळ्याचे आरंभीचे आठवडे आणि त्यानंतरची सकाळची कोवळी उन्हे निवडावीत.

अधिवासाचा प्रश्न

सरकारी कागदपत्रांत माळाला बहुधा ‘पडीक’ म्हटले जाते. केंद्र शासनाचा भूमिसंसाधन विभाग आणि राष्ट्रीय सुदूर संवेदन केंद्र यांनी प्रसिद्ध केलेल्या देशातील पडीक जमिनींच्या नकाशासंग्रहात झुडपी जमीन हा पडीक जमिनीचाच एक वर्ग आहे. नावातच निकाल लागलेला असतो. जे पडीक आहे ते उपयोगात आणले पाहिजे, या न्यायाने माळ सपाट केला जातो, त्यावर शेततळी व प्रकल्प येतात किंवा झाडे लावली जातात. महाराष्ट्रात २०१६ ते २०१९ या काळात मोठ्या वृक्षलागवड मोहिमा झाल्या आणि शेवटच्या वर्षीचे उद्दिष्ट ३३ कोटी रोपांचे होते. झाडे लावण्याला विरोध करण्याचे कारण नाही. परंतु उघड्या, उन्हाच्या जमिनीवर जगणाऱ्या प्राण्याच्या दृष्टीने दाट लागवड म्हणजे अधिवास गमावणेच होय, हेही खोटे नाही.

माळढोक पक्ष्याच्या बाबतीत हे महाराष्ट्राने अनुभवले आहे. त्याच्यासाठी १९७९ साली सोलापूरजवळ नान्नजच्या परिसरात अभयारण्य झाले, तरी त्याची संख्या घटतच गेली. माळढोक मीटरभर उंचीचा पक्षी आहे. तो दिसेनासा झाला तर लोकांच्या लक्षात येते. त्याच माळावरचा पाच मिलिमीटरचा कोळी नाहीसा झाला तर त्याची दखल घेण्यासाठी आधी तो तिथे होता हे कोणीतरी लिहून ठेवलेले असावे लागते. दख्खनमधील तीन जातींना नावे मिळून अद्याप फार वर्षे झालेली नाहीत.

वाळवीनाशकांचाही येथे विचार करावा लागतो. कीटकनाशक वारुळात किंवा बांधावर ओतले की त्याचा परिणाम वाळवीपुरता राहत नाही. जमिनीवर फिरणारे कोळी, मुंग्या आणि भुंगेरे यांनाही त्याचा फटका बसतो. पिकाच्या ओळीत गरजेपुरता वापर करणे आणि माळावरचे प्रत्येक वारूळ फोडून त्यात औषध ओतणे, या दोन गोष्टींत फरक आहे.

ओळख आणि निरीक्षण

शिरोवक्षावरील दोन पांढऱ्या पट्ट्यांवरून प्रजातीचा अंदाज बांधता येतो, पण निश्चिती होत नाही. फ्लेग्रा प्रजातीच्या कोळ्यांनाही लांबट पट्टे असतात, आणि त्यांचे शरीर सडपातळ असते. जाती ठरवण्यासाठी प्रौढ नर किंवा मादीचे जननावयव सूक्ष्मदर्शकाखाली तपासावे लागतात. पिल्लांची जाती केवळ रूपावरून सांगणे जवळपास अशक्य आहे. त्यामुळे मोबाईलवर काढलेल्या छायाचित्राखाली थेट जातीचे नाव लिहिणे टाळावे आणि ‘स्टेनेलुरिलस, जाती अनिश्चित’ एवढेच लिहावे.

नोंद करताना तारीख, वेळ, ठिकाण, जमिनीचा प्रकार आणि कोळी काय करत होता हे लिहिणे उपयोगाचे ठरते. तोंडात वाळवी असेल तर ती कामकरी आहे की सैनिक, जवळ मातीचा फुटका पापुद्रा किंवा वारूळ आहे का, हेही पाहावे. दगड उचलल्यास तो पुन्हा होता तसाच ठेवावा, कारण त्याखालची ओल आणि अंड्यांची पिशवी दोन्ही त्यावर अवलंबून असतात. वनक्षेत्रातून नमुने गोळा करण्यास वन विभागाची परवानगी लागते. संग्रहासाठी नमुने अल्कोहोलमध्ये ठेवतात, परंतु त्यात खवल्यांचे रंग कालांतराने फिके पडतात. जिवंत कोळ्याचे छायाचित्र आणि जपलेला नमुना अशी जोडी असेल, तरच पुढच्या अभ्यासकाला ताम्रवर्णीचा तांबडा रंग मूळचा कसा होता ते समजते.